पावागड एकटाच का? (आणि तो आपला कधीच का नव्हता?)

करेलीबागकर

मंडळी, मजामां?

गेल्या आठवड्यात दोन दिवस सलग पाऊस कोसळला आणि तिसऱ्या दिवशी सकाळी आकाश धुऊन काढल्यासारखं स्वच्छ झालं. चहाचा कप घेऊन गच्चीवर गेलो तर समोर पावागड! पूर्वी आमच्या गच्चीवरून तो सहज दिसायचा. आता दोन टॉवरांच्या फटीतून, आणि तोही पावसाळ्यातले चार-सहा दिवस. निळसर, वर सपाट, एका बाजूला टोक. डावीउजवीकडे सपाट रान.

लेक सातवीत आहे. मराठीत बोलते, गुजरातीत भांडते. तिला हाक मारून दाखवला. तिने दोन मिनिटं बघितलं आणि विचारलं, "बाबा, बाकीचे डोंगर कुठे गेले?"

मी म्हटलं, नाहीतच. ती म्हणाली, "महाबळेश्वरला तर एकामागे एक होते. हा एकटाच कसा?"

उत्तर येत नव्हतं. म्हणून हा धागा.

दुसरी गोष्ट. आमचे आजोबा दांडिया बाजारच्या जुन्या घराच्या माडीवरून हाच डोंगर दाखवायचे आणि म्हणायचे, "पावागड शिंद्यांचा. आपण नुसता बघायचा." लहानपणी वाटायचं, शिंदे नावाचे कुणी शेजारी असतील. आता कळतं की ते ग्वाल्हेरचे शिंदे. पण बडोद्यापासून पन्नासएक किलोमीटरवरचा डोंगर, आणि गायकवाडांचा नाही? हे कसं झालं, जाणकारांनी सांगावं.

खडूस

एकटा आहे कारण ज्वालामुखी आहे. मागच्या वर्षी माचीवरच्या गाइडने सांगितलं. दोनशे रुपये घेतले त्याचे.

दगडधोंडे

खडूसराव, पन्नास परत मागा.

करेलीबागकर, तुमच्या मुलीने प्रश्न अगदी नेमका विचारलाय. आम्ही सयाजीराव विद्यापीठात भूशास्त्र शिकत असताना पहिली फील्ड ट्रिप पावागडलाच असायची. आमच्यापैकी कुणाला हा प्रश्न या शब्दांत सुचला नव्हता. "बाकीचे डोंगर कुठे गेले?" याचं उत्तर शब्दशः आहे: झिजून गेले.

जरा सविस्तर सांगतो. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी पश्चिम भारतात लाव्हाचे थरांवर थर पसरले. सह्याद्री, मराठवाडा, माळवा, सौराष्ट्राचा मोठा भाग, सगळं त्याचंच. एक थर थंड झाला की वर दुसरा, मग तिसरा. भूशास्त्रात याला डेक्कन ट्रॅप म्हणतात. ट्रॅप हा शब्द स्कँडिनेव्हियाकडचा, अर्थ पायरी किंवा जिना. सह्याद्रीत घाट चढताना कड्यांच्या ज्या आडव्या पायऱ्या दिसतात, त्यावरून हे नाव.

पावागडच्या आजूबाजूलाही हे थर होते. ते कडेचे होते, कोट्यवधी वर्षांच्या पावसात उघडे पडले, नद्यांनी नेले. आज शिवराजपूर-जांबुघोड्याच्या बाजूला गेलात तर लाव्हाखालचे जुने खडक सरळ उघडे दिसतात. क्वार्टझाइट वगैरे, रूपांतरित खडक, लाव्हापेक्षा कितीतरी पुरातन. भूशास्त्रज्ञ त्या गटाला चांपानेरचंच (पावागडच्या पायथ्याचं जुनं शहर) नाव देतात. शिवराजपूरचं मँगनीज त्यातलंच. म्हणजे अंगणातली गादी उचलली गेली, खालची फरशी दिसायला लागली, आणि गादीचा एक तुकडा तेवढा राहिला. तो तुकडा म्हणजे पावागड.

आता तोच का राहिला? इथे खरी गंमत आहे.

सह्याद्रीत जिथे जाल तिथे बेसॉल्ट, आपला काळा पाषाण. पावागडला खालच्या भागात बेसॉल्ट आहेच, पण वर चढत गेलात की खडकाची जात बदलते. माथ्याकडे रायोलाइट. फिकट रंगाचा, सिलिका जास्त असलेला. घरातलं उदाहरण देतो. बेसॉल्टचा लाव्हा एकतारी पाकासारखा, ओतला की पसरत जातो. रायोलाइटचा गोळीबंद पाकासारखा, घट्ट. पसरत नाही, जागीच जाड थर धरतो, आणि वाळला की दगड चिवट. डोंगराच्या डोक्यावर हे असं टणक झाकण बसल्यामुळे खालचं पटकन झिजलं नाही. कडे उभे तुटतात तेही त्यामुळेच.

एकाच छोट्या डोंगरात मॅग्नेशियमने ठासून भरलेल्या काळ्या दगडापासून रायोलाइटपर्यंत सगळ्या पायऱ्या ओळीने मिळणं ही दुर्मीळ गोष्ट आहे. म्हणून बाहेरदेशचे अभ्यासकसुद्धा हातोडे घेऊन इथे येतात. आपण नारळ घेऊन जातो.

आणि गाइडच्या म्हणण्याबद्दल: दगड ज्वालामुखीचा, हे खरं. पण डोंगर म्हणजे ज्वालामुखीचा शंकू नव्हे. विवर नाही, वर तोंड नाही. थर जवळजवळ आडवे आहेत. चित्रातला धूर सोडणारा डोंगर डोळ्यांसमोर आणू नका.

खडूस

पन्नास का, शंभर मागतो.

वाडीवाली काकू

दगडधोंडे, तुमचं शास्त्र वाचलं, आवडलं. पण आमच्या सासूबाईंनी सांगितलेली गोष्ट तुम्ही ऐकलीत तर तुम्हाला हसू येईल.

तिथे म्हणे पूर्वी खोल दरी होती आणि विश्वामित्र ऋषी जवळच तप करत होते. त्यांची कामधेनू चरता चरता दरीत पडली. गाय हुशार, तिने दुधाने दरी भरली आणि पोहत वर आली. ऋषींना वाटलं, हे रोजचंच व्हायचं. त्यांनी देवांना सांगितलं, ही दरी बुजवा. देवांनी एक अख्खा पर्वत आणून टाकला. त्यातला पाऊण दरीत गेला आणि पाव वर राहिला. म्हणून पावागड! मराठीत पाव आणि गुजरातीत पा, हिशेब एकच.

दुसरे लोक म्हणतात पवनावरून नाव आलं, वर वारा फार म्हणून. वर पदर सांभाळताना तेही पटतं.

दगडधोंडे

काकू, हसू नाही आलं, उलट मजा वाटली. गोष्टीतही प्रश्न तोच आहे: एवढासाच का, बाकीचा कुठे? पुराणात तो खाली गेला, आमच्या पुस्तकात तो वाहून खंभातच्या आखाताकडे गेला. कोणी गणित मांडलं तर पाव-पाऊण जमेल असं मात्र मी लिहून देणार नाही.

लष्करवाला

ग्वाल्हेरहून लिहितोय. इथे लष्कर नावाच्या भागात आमच्या सात पिढ्या झाल्या. तुमच्या आजोबांचं वाक्य वाचून बसल्याजागी ताठ झालो.

आजोबा अगदी बरोबर होते. पावागड आणि त्याच्या आसपासचा मुलूख अठराव्या शतकाच्या उत्तरार्धात शिंद्यांकडे आला. गोधरा, दाहोद, झालोद, हालोल, कालोल हे पाच महाल शिंद्यांचे. तुमच्या शेजारच्या जिल्ह्याचं पंचमहाल हे नाव त्यावरूनच. रोज नाव घेता, पण शिंद्यांची आठवण होत नाही, होय ना?

१८०३ साली इंग्रजांशी लढाई जुंपली. वेलस्ली आसईला, लेक दिल्लीकडे, हे सगळ्यांना माहीत असतं. त्याच धामधुमीत कर्नल वुडिंग्टन बडोद्याच्या बाजूने निघाला, भडोच घेतलं, मग चांपानेर आणि पावागड. सप्टेंबर १८०३. बडोदेकर गायकवाड तोवर इंग्रजांच्या बाजूला होते, हे तुम्हाला सांगायला नकोच. म्हणजे एका मराठा संस्थानाच्या अंगणातून निघून दुसऱ्या मराठा सरदाराचा गड घेतला गेला.

वर्षअखेरीस सुर्जी-अंजनगावचा तह झाला. दौलतराव शिंद्यांचं बरंच काही गेलं, पण पावागड आणि दाहोद परत मिळाले. ते पुढे जवळजवळ पन्नास वर्षं. १८५३ मध्ये पंचमहालाचा कारभार इंग्रजांकडे गेला आणि १८६०-६१ च्या सुमारास अदलाबदल होऊन हा मुलूख कायमचा त्यांचा झाला. बदल्यात शिंद्यांना इकडे झाशीच्या बाजूची जमीन मिळाली. राजधानीपासून इतका लांबचा, मध्ये भिल्लांचा आणि नायकांचा डोंगराळ प्रदेश असलेला तुकडा सांभाळण्यापेक्षा घराजवळची जमीन बरी, असा व्यवहार.

त्यामुळे गायकवाडांकडे पावागड आलाच नाही. शिंद्यांकडून थेट इंग्रजांकडे, तिथून मुंबई इलाख्यात.

मोडीवाचक

लष्करवाले, मांडणी चांगली आहे, एक पायरी मात्र राहिली. शिंद्यांच्या आधी तिथे मराठे पोचले होते ते कंठाजी कदम बांड्यांचे. त्यांचा पुत्र म्हणवणारा कृष्णाजी, त्याने १७२७ च्या सुमारास चांपानेर घेतलं. हे कदम बांडे आणि पिलाजी गायकवाड, गुजरातेत चौथाईवरून दोघांची हाडवैरं. महीच्या या काठाची चौथ कोणाची आणि त्या काठाची कोणाची यावर वाटण्या झाल्या, तरी भांडणं मिटली नाहीत. तेव्हा "गायकवाडांचा नाही" याचं मूळ शिंद्यांच्याही आधीचं आहे.

आणि दुसरं, पावागडचा इतिहास मराठ्यांपासून सुरू होत नाही, हे या धाग्यावर कोणीतरी म्हणायलाच हवं. आपल्या लोकांना सवय आहे, कुठलाही गड दिसला की पहिलं पान १६३० चं.

करेलीबागकर

मान्य. मोडीवाचक, तुम्हीच सांगा पहिलं पान.

मोडीवाचक

पहिलं पान कोणाला सापडलंय? पण माथ्याच्या खाली मौलिया पठार आहे, तिथे लकुलीशाचं मंदिर आहे, मोडकळीला आलेलं. दहाव्या-अकराव्या शतकातलं, डोंगरावरच्या उभ्या इमारतींत सगळ्यात जुनं. लकुलीश म्हणजे पाशुपत शैवांचे गुरू, त्यांचं स्थान कायावरोहण, आपल्या डभोईच्या बाजूला. कारवण म्हणतात ते. म्हणजे आज कालिकामातेच्या मंदिरासाठी ओळखल्या जाणाऱ्या डोंगरावर शैवांचा मुक्काम होता.

मग खिची चौहान. शेवटचा रावळ जयसिंह, लोकांच्या तोंडी पताई रावळ. गुजरातचा सुलतान महमूद बेगडाने १४८३ मध्ये वेढा दिला आणि नोव्हेंबर १४८४ मध्ये गड घेतला. वीस महिने! वेढा चालू असतानाच त्याने खाली मशिदीचा पाया घातला म्हणतात, आता मी इथून हलणार नाही हे वर दिसावं म्हणून. बेगडा नावाची एक व्युत्पत्ती तुम्हाला ठाऊकच असेल: बे गढ, दोन गड. एक जुनागडचा, दुसरा हा.

चांपानेरला त्याने राजधानी केली, नाव मुहम्मदाबाद. आज जी जामा मशीद दिसते, तीस मीटर उंचीच्या दोन मिनारांची, ती त्याच्या काळातली. गजबजलेलं शहर जेमतेम पन्नास वर्षं टिकलं. १५३५ मध्ये हुमायून आला.

आणि हुमायूनचा प्रसंग मला या सगळ्या इतिहासात सर्वांत आवडतो. वेढा चालू होता. त्याच्या लक्षात आलं की रानातले लोक गडावर धान्य आणि तूप विकायला चढून जातायत. त्यांना धरलं, वाट कुठली ते काढून घेतलं. कडा उभा, गुळगुळीत. त्या भागात पहारा ढिला, कारण तिथून कोण येणार? रात्री सत्तर-ऐंशी लोखंडी खुंट्या खडकात ठोकून माणसं चढली. एकोणचाळीस वर पोचल्यावर चाळिसावा त्याचा सरदार बैरामखान, एकेचाळिसावा स्वतः हुमायून. पादशहा खुंटीवर पाय ठेवून कडा चढतोय, बघा डोळ्यांसमोर आणून.

दगडधोंडे, रायोलाइटमध्ये खुंटी ठोकणं सोपं असतं का हो?

दगडधोंडे

सांध्यात, भेगेत ठोकली तर सोपं. अख्ख्या दगडात ठोकायची तर रात्रीत जमत नाही. त्या लोकांना भेगा माहीत असणार. तूप विकणारे रोज चढत होते ना.

खडूस

म्हणजे गड पडला तो तुपामुळे. आपल्या घोरपडीच्या गोष्टीपेक्षा ही मला पटली.

मोडीवाचक

घोरपडीवर इथे बोलू नका, धागा दोनशे प्रतिसादांवर जाईल.

आजवा दोनशे बारा

एवढं सगळं वाचलं, पण बडोद्याला पावागडची खरी आठवण कधी येते ते कोणीच लिहिलं नाही. पावसाळ्यात! पावागडवर ढग बसला की आमच्या सोसायटीच्या व्हॉट्सॅपवर पहिला निरोप: "आजवा किती?"

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी (इंदूर-ग्वाल्हेरवाले, तुमच्यासाठी): विश्वामित्री नदी पावागडात उगम पावते. तिचं आणि सूर्या नदीचं पाणी आजवा तलावाच्या व्यवस्थेत येतं. हा तलाव सयाजीराव महाराजांनी एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस शहराला पिण्याचं पाणी मिळावं म्हणून बांधून घेतला. तिथून नळाने पाणी शहरात आलं तेव्हा बडोद्याच्या विहिरींचं महत्त्व संपलं. आजही जुन्या शहराच्या काही भागात आजव्याचंच पाणी येतं. म्हणजे करेलीबागकर, तुमच्या आजोबांचं वाक्य अर्धंच आहे. डोंगर शिंद्यांचा, पण त्याचं पाणी गायकवाडांनी अडवलं!

आता दुसरी बाजू. आजव्याची पातळी २११, २१२ फूट असे आकडे आपण पावसाळ्यात पाढ्यासारखे म्हणतो. तलाव भरला की पाणी विश्वामित्रीत सुटतं, आणि ती येते शहराच्या मधून, कमाटीबागेला वळसा घालून. वाटेत मगरी. नदीची धोक्याची पातळी २६ फूट. ऑगस्ट २०२४ मध्ये ती ३५ फुटांच्या वर गेली. आमच्या तळमजल्यावर तीन दिवस कमरेएवढं पाणी होतं. फ्रिज तरंगत होता, देवघर मी माळ्यावर नेलं. २०१९ च्या ३१ जुलैला तर एका दिवसात वीस इंच पाऊस, तेव्हाही तेच.

डोंगर निळा-निळा गच्चीवरून छान दिसतो हो. त्याचं पाणी मात्र तळमजल्यावर राहणाऱ्याला विचारा.

करेलीबागकर

आजवा दोनशे बारा, तुमचं म्हणणं खरं आहे. २४ साली आम्ही चौथ्या मजल्यावरून नावा बघत होतो. तेव्हा पावागड दिसतच नव्हता, चार दिवस नुसता करडा पडदा.

वाडीवाली काकू

त्या पुरात आमच्याकडे दोन कुटुंबं राहायला होती. चौदा माणसं, एक संडास. असो.

देवीबद्दल कोणीच लिहिलं नाही म्हणून मी लिहिते. बडोद्यात आमच्यासारख्या कितीतरी मराठी घरांत कुलदेवी कोल्हापूरची नाहीतर तुळजापूरची, पण नवस पावागडचा. लग्न झालं की जोडप्याला घेऊन जायचं. माझ्या नणंदेची तर पहिली आरास पावागडच्या चुनरीची असते. सतीच्या उजव्या पायाची बोटं तिथे पडली म्हणतात, म्हणून शक्तिपीठ. पताई राजाची गोष्ट बडोद्यात कोणत्या मुलाला माहीत नाही? नवरात्रात देवी गरबा खेळायला बाईच्या रूपात आली, राजाने तिचा पदर धरला, तिने शाप दिला आणि राज्य गेलं. पूर्वी गरबा सुरू होण्याआधी म्हाताऱ्या बायका ही गोष्ट सांगून पोरांना ताकीद द्यायच्या. आता माईक एवढा मोठा असतो की गोष्ट ऐकू येत नाही.

आधी मंदिराच्या वर सदनशाह पीराचा दर्गा होता. दर्शन करून वर जायचं, तिथेही डोकं टेकायचं, आमच्या सासूबाई दोन्हीकडे नारळ ठेवायच्या. आता मंदिर नवं बांधलंय. दर्ग्याची जागा समजुतीने बाजूला केली, नवं शिखर चढवलं आणि जून २०२२ मध्ये पंतप्रधानांनी वर ध्वजा चढवली. पाचशे वर्षांनी ध्वजा लागली असं तेव्हा सगळीकडे छापून आलं होतं. आता वर जागाही पुष्कळ मोठी झालीय, गर्दीत पूर्वीसारखी चेंगराचेंगरी वाटत नाही.

पायवाट

नुसतं उडनखटोल्याने वर जाऊन, नारळ देऊन, खाली येऊन मक्याचं कणीस खाऊन पावागड बघितला म्हणणाऱ्यांसाठी दोन शब्द. (उडनखटोला म्हणजे रोपवे, तिकडे सगळे तेच म्हणतात. १९८६ पासूनचा आहे. तो माचीवरून वर नेतो, पुढे अडीचशेच्या आसपास पायऱ्या राहतात.)

एकदा तरी पायी जा. आणि जाताना हे बघा:

चढताना सात कमान. आता सगळ्या कमानी उभ्या नाहीत, पण जेवढ्या आहेत त्यांच्या चौकटीतून खालचं चांपानेर दिसतं. मग एकामागून एक दरवाजे, अटक दरवाजा, बुढिया दरवाजा. किल्ला किती नीट विचार करून बांधलाय ते वाट सरळ कशी कुठेच जात नाही यावरून कळतं. कड्याच्या काठावर खापरा झवेरीचा महाल. कड्याला बिलगून मजले उतरत गेलेले. मौलिया पठारावर नवलखा कोठार, धान्य साठवायचं. आणि तलाव: दूधिया, छासिया, तेलिया. दूध, ताक आणि तेल, नावं ऐकून भूक लागते. हे सगळे माथ्यावरच्या खडकात पाणी साठवण्यासाठीच. वीस महिने वेढा सोसला तो या पाण्यावर. दगडधोंडे सांगतील, पण मला वाटतं तो टणक दगड पाणी खाली जाऊ देत नसावा.

खाली चांपानेरच्या बाहेर एक वाव (पायऱ्यांची विहीर) आहे, गोल, आतल्या भिंतीला लागून पायऱ्या गोल गोल उतरत जातात. चकलीसारखी. लहानशी आहे, बहुतेक लोक गाडीतून पुढे निघून जातात. जाऊ नका.

२००४ पासून हे सगळं जागतिक वारसा यादीत आहे. म्हणून तरी उरलंय. माझे एक काका एका ट्रॅव्हल्सच्या बसने गेले होते, तिने "चांपानेर दर्शन" म्हणून पाटीसमोर पाच मिनिटं थांबवलं आणि बस सुरू केली. काका अजून तो फोटो दाखवतात. फोटोत पाटी आहे आणि मागे ट्रक.

दगडधोंडे

पायवाट, बरोबर. रायोलाइटच्या आत भेगा असतात, त्यातून पाणी झिरपतं. पण जिथे दगड सलग मिळाला तिथेच टाकं खोदलं असणार. जुन्या लोकांची निवड चांगली होती. आणि मौलिया पठार सपाट का, तर तोही लाव्हाच्या एका थराचा माथा. माचीही तशीच. म्हणून तर म्हणतो, ट्रॅप म्हणजे जिना. तुम्ही पायऱ्या चढताय आणि पायऱ्यांचाच डोंगर चढताय.

लष्करवाला

आमचा ग्वाल्हेरचा किल्लाही एकटाच डोंगर आहे. गोपाचल. शहराच्या मधोमध, चहूकडून सपाट. तुमच्या तुलनेत बुटका आहे, आणि वालुकाश्माचा, वेगळ्या जातीचा. पण बघणाऱ्याला तोच प्रश्न पडतो.

मला एक गंमत वाटते. शिंद्यांनी ज्या दोन डोंगरांवर हक्क सांगितला ते दोन्ही एकटे. एक ठेवला, एक देऊन टाकला.

मोडीवाचक

"दोन डोंगर" म्हणू नका. शिंद्यांकडे अशीरगडही होता. एकटेपणाचा सिद्धांत तिथे मोडतो.

लष्करवाला

मोडला. अशीरगड सातपुड्याला टेकलेला आहे, हे मान्य.

करेलीबागकर

सगळ्यांचे मनापासून आभार. काल रात्री जेवताना मुलीला सांगितलं. दगडधोंड्यांची गादी आणि फरशी सांगितली. तिला पटलं. "म्हणजे सगळीकडे डोंगर होते आणि आपण उरलेल्यात राहतो?" असं म्हणाली. मग हुमायूनच्या खुंट्या सांगितल्या, त्यावर तिने बैरामखान का चाळिसावा, आधी का नाही, असं विचारलं. मला सांगता आलं नाही.

मग झोपायच्या आधी: "हाही कधी झिजून जाणार का?"

दगडधोंडे, हे तुमच्यावर सोपवतो.

दगडधोंडे

जाणार. तिची दहावी होईपर्यंत नाही, एवढं सांगा.

खडूस

गाइड सांगेल, उद्याच जाणार आहे, आजच फोटो काढून घ्या.

आजवा दोनशे बारा

झिजला तर ते सगळं आमच्याकडेच येणार ना, विश्वामित्रीतून. माती काढायला कोण येतं ते मी बघतोय.

पायवाट

करेलीबागकर, तिला घेऊन जायचं असेल तर भाद्रपदानंतर, ऊन चढायच्या आत. पहाटे पाचला निघा, हालोलला चहा, साडेसहाला माची. वर पाणी मिळतं, पण दोन बाटल्या ठेवा. खाली येताना ताक प्या, माचीवर चांगलं मिळतं. हातोडा नेऊ नका, मना आहे.

वाडीवाली काकू

आणि नवरात्रात मुळीच नका जाऊ. चैत्रातल्यातही नाही आणि आश्विनातल्यातही नाही. मी तीनदा गेले, तीनदा चपला गेल्या.